तपासणी भिंतीकडे बघून घेण्याबाबत

प्रति,
मा. परवाना अधिकारी साहेब,
वाहन परवाना कार्यालय,
दुसरा मजला.

विषय : पहिल्या परवान्यासाठी नेत्रतपासणीत तीनदा नापास झालेल्या अर्जदार बाईंची तपासणी, तपासणाऱ्याने भिंतीकडे बघून, आजच्या आज पुन्हा घेण्याबाबत, तसेच एका उत्तीर्ण चालकास सोमवारी सकाळी पावणेसातच्या आत थांबवण्याबाबत.

संदर्भ : १) अर्जदार बाईंच्या फॉर्मवरील 'दृष्टी सदोष' हा शेरा, तीन वेळा.
२) त्यांच्या पतीच्या परवान्यावरील 'दृष्टी उत्तम' हा शिक्का.
३) शाळेच्या गाड्यांविषयी आपल्या कार्यालयाचे परिपत्रक, येत्या सोमवारपासून लागू.

महोदय,

१. सविनय सादर करण्यात येते की, अर्जदार बाई, वय त्रेचाळीस, व्यवसाय शिवणकाम, या आपल्या कार्यालयाच्या फाटकाबाहेर प्रस्तुत लिहिणाराच्या टेबलासमोरील बाकड्यावर सकाळी दहापासून बसून आहेत. बाई सांगतात, लिहिणार लिहितो. लिहिणार या फाटकाशी बावीस वर्षे टेबल लावून आहे हे आपण जाणताच. आपली गाडी रोज याच टेबलाला वळसा घालून आत येते. एवढ्या वर्षांत हरवलेले परवाने, बदललेले पत्ते, चुकलेल्या जन्मतारखा, सगळ्यांचे अर्ज झाले, पण लिहिता लिहिता हात थांबला असा हा पहिलाच. बाई मात्र थांबत नाहीत. आवक खिडकी चारला बंद होते, उद्या-परवा सुट्टी आणि मग सोमवार, हे त्या दर दहा मिनिटांनी ऐकवतात.

२. बाईंचे पती शाळेची गाडी चालवतात. गाडी स्वतःची, मुले चौदा. बाकीचे चालक त्यांना उस्ताद म्हणतात, कारण सव्वीस वर्षांत त्यांच्या गाडीला ओरखडा नाही. दोन वर्षांपासून उस्तादांना कडेचे दिसत नाही. डोळ्यांच्या डॉक्टरांनी सांगितले, नजर कडेकडून आत मिटत येते आहे, सध्या नळीतून बघावे तसे दिसत असेल, नळी बारीक होत जाईल, औषध नाही, गाडी आजपासून बंद. उस्तादांनी मान डोलावली, कागदाची चौघडी करून खिशात घातली, आणि बायकोला व आईला गाडीत बसवून स्वतःच गाडी चालवत घरी आले. सासूबाई म्हणाल्या, "डॉक्टरांना काय जातंय सांगायला? माझ्या लेकाच्या हाताला डोळे आहेत." त्यानंतर घरात हा विषय कोणी काढला नाही. बाई तेवढ्या जेवणाचे ताट त्यांच्या हातात द्यायला लागल्या, आणि वाटेतले स्टूल, बादली, चपला उचलून भिंतीशी ठेवायला लागल्या.

३. पुढच्या सोमवारपासून बाई गाडीत चालकाशेजारी बसू लागल्या. मुलांना चढवायला-उतरवायला मदत, असे शाळेला सांगितले. खरे काम तोंडाचे. "अहो, जरा हळू." "अहो, तो सायकलवाला बघा उजवीकडून कसा घुसतोय." "अहो, लाल झाला की, थांबा." "अहो, काय मेले खड्डे हे, पुढेच एक आहे." मुलांना संशय येऊ नये म्हणून सगळे कटकटीच्या सुरात. उस्तादही वैतागल्याचे सोंग करतात, "कळतंय गं मला!" म्हणतात, आणि म्हणता म्हणता ब्रेक दाबतात. मुलांनी बाईंचे नाव कटकटकाकू पाडले आहे. मागच्या बाकावरची एक मुलगी त्यांची हुबेहूब नक्कल करते. सगळी गाडी हसते, उस्ताद हसतात, बाईही हसतात आणि त्याच दमात "अहो, ट्रक" म्हणतात. दोन वर्षे, रोज सकाळ-दुपार, बाई डोळ्यांत तेल घालून बोलत आहेत. घरी येईपर्यंत घसा इतका सोलवटतो की त्या कोणाशी शब्द बोलत नाहीत. सासूबाई शेजारणीला सांगतात, आमची सून घुमी आहे.

४. शाळेच्या अलीकडे कालव्यावर अरुंद पूल आहे. डाव्या बाजूचा कठडा एका ट्रॉलीने पाडला, तो कोणी बांधला नाही. दोन रिकामी पिंपे उभी करून मध्ये दोरी बांधली आहे. सहा महिन्यांपूर्वी त्या पुलावर बाईंना ठसका लागला. नुसता ठसका, साहेब. "अहो, उजवीकडे" एवढेच म्हणायचे होते. "अहो" म्हणाल्या आणि पुढचा शब्द घशात अडकला. एक पिंप दाराला घासत गेले आणि खाली पाण्यात पडल्याचा आवाज झाला. डावे चाक काठावरची खडी कालव्यात ढकलत चालले. बाईंनी दोन्ही हातांनी स्टिअरिंग ओढले. मागे मुले कसलेसे गाणे म्हणत होती, ती म्हणतच राहिली. शाळेच्या फाटकात मुले उतरली, उस्ताद उतरले नाहीत. बसल्या जागेवरूनच म्हणाले, "काय पडलं गं?" बाई म्हणाल्या, "पिंप." ते म्हणाले, "बरं."

५. त्याच रविवारी उस्तादांनी बाईंना बंद पडलेल्या वीटभट्टीमागच्या मैदानात नेऊन स्टिअरिंगवर बसवले. स्वतः शेजारी डोळे मिटून बसले. "आवाज ऐक. इंजिन कण्हायला लागलं की गिअर खाली." "क्लच सोडायची घाई नको. झोपलेल्या पोराच्या मानेखालून हात काढतो ना, तसा पाय काढ." दहा रविवारांत बाई आठचा आकडा काढू लागल्या; चढावर गाडी थांबवून, वीतभरही मागे न घसरता, पुन्हा उचलू लागल्या. लिहिणाराने हे पाहिलेले नाही, पण ज्या बाईला कापडावरची रेघ तसूभर चुकत नाही तिला रस्त्यावरची काय चुकणार, असे त्याचे मत आहे. परवाना मिळाला की बाई चालवणार आणि उस्ताद शेजारी बसणार, असे ठरले. ठरले म्हणजे तसे कोणी बोलले नाही. उस्तादांनी एवढेच विचारले, "फॉर्म आणलास का?"

६. आता कार्यालयाविषयी. नेत्रतपासणी तळमजल्यावर खोली क्रमांक चारमध्ये होते. भिंतीवर आकड्यांचा तक्ता आहे. तक्त्याकडे पाठ करून तपासणी कारकुनांचे टेबल आहे. टेबलावर काच, काचेखाली कागद, कागदावर तक्त्यातले आकडे. उमेदवार रेघेवर उभा राहून आकडे म्हणतो, कारकून कागदाशी ताडून बघतात. मानेला पट्टा असल्यामुळे ते मागे वळत नाहीत, आणि त्यांना कधी तशी गरजही पडली नाही. चार महिन्यांपूर्वी कार्यालयाला रंग दिला. जुना तक्ता रंगाऱ्यांच्या हातून फाटला, त्या जागी नवा आला. काचेखालचा कागद जुनाच राहिला. काच उचलून बघावी असे कोणाच्या मनात आले नाही. नव्या तक्त्याची शेवटची ओळ ३ ८ ५ १ ६ अशी आहे. कागदावर ६ २ ९ ४ ७ अशी आहे.

बाईंनी दिसले ते वाचले आणि नापास झाल्या. फाटकाबाहेर आल्या तेव्हा लिहिणाराने रीतीप्रमाणे एक चिठ्ठी पुढे केली (चिठ्ठीबद्दल परिच्छेद ८ पाहावा). बाई म्हणाल्या, "मला दिसतंय. मला चिठ्ठी कशाला?" दुसऱ्या खेपेस त्या डोळ्यांच्या डॉक्टरांचा दाखला घेऊन गेल्या. कारकुनांनी तो पूर्ण वाचला, छान दाखला आहे म्हणाले, आणि त्यांना पुन्हा नापास केले. लिहिणाराने पुन्हा चिठ्ठी दाखवली. या वेळी बाई चिडल्या. म्हणाल्या, "पाठांतरावर गाडी चालवणाऱ्या माणसाशेजारी मी दोन वर्षं बसतेय. मला नका शिकवू." लिहिणाराला तेव्हा त्याचा अर्थ लागला नव्हता.

७. तिसरी खेप तीन आठवड्यांपूर्वी. त्याच दिवशी उस्तादांची परवाना नूतनीकरणाची तारीख होती, म्हणून नवरा-बायको एकाच रांगेत पुढे-मागे उभे होते. खोलीच्या उंबऱ्याला उस्ताद अडखळले, बाईंनी दंड धरला. रेघेवर त्यांना बाईंनीच उभे केले. तोंड तक्त्याकडे नव्हते, शेजारच्या खिडकीकडे होते. खिडकीकडे बघत उस्तादांनी पाढा म्हणावा तसे खणखणीत म्हटले, "सहा, दोन, नऊ, चार, सात." कारकून म्हणाले, "वा! या वयात अशी नजर!" आणि 'दृष्टी उत्तम' असा शिक्का मारला, पाच वर्षांसाठी. बाई मागेच उभ्या होत्या. भिंतीवरच्या ओळीत त्यातला एकच आकडा होता, सहा, आणि तोही शेवटी.

मग बाईंचा नंबर लागला. उत्तर आता त्यांनाही माहीत होते, नुकतेच कानांवर पडले होते. त्या म्हणतात, अगदी जिभेवर आले होते. पण त्यांनी भिंतीवर होते तेच वाचले. नापास झाल्यावर हात जोडून म्हणाल्या, "साहेब, एकदा फक्त मागे बघा." कारकून उपकार केल्यासारखे खुर्चीसकट वळले. चष्मा काढला, पुसला, पुन्हा लावला. भिंतीकडे नीट टक लावली आणि म्हणाले, "सहा, दोन, नऊ, चार, सात. काय चुकलं?" तीनदा नापास, सबब सहा महिने पुन्हा येऊ नये, असे फॉर्मवर लिहून दिले. साहेब, त्या खोलीत त्या वेळी तीन माणसे होती. जिला दिसत होते, त्या एकटीला दिसत नाही असे लेखी मिळाले.

८. येथे 'लिहिणार' असे लिहून भागणार नाही, म्हणून मी लिहितो. चिठ्ठी माझी आहे. तक्त्याच्या सात ओळी, माझ्या अक्षरात, बोटभर कागदावर. बावीस वर्षे अर्जासोबत देत आलो. घाबरणाऱ्याला धीर येतो, बाकी त्यात काही नाही, अशी मी स्वतःची समजूत घातली होती. रंगकाम झाल्यापासून चिठ्ठ्या भराभर जाऊ लागल्या. चांगले डोळस लोक नापास होऊन बाहेर येत, चिठ्ठी नेत, दुसऱ्या दिवशी पास होऊन हसत जात. मला वाटले, मोबाइल बघून बघून लोकांची नजर गेली. उस्तादांनी त्यांची चिठ्ठी माझ्याकडून कधी नेली ते मला आठवतही नाही. आज बाईंचे ऐकून जेवणाच्या सुट्टीत मी खोली क्रमांक चारमध्ये गेलो. आत कोणी नव्हते. तक्ता बघितला, मग काचेखालचा कागद बघितला. साहेब, तो कागदही माझ्याच अक्षरातला आहे. मग आठवले, काही वर्षांपूर्वी कारकुनांच्या मूळ कागदावर चहा सांडला होता आणि ते माझ्याकडून एक चिठ्ठी मागून घेऊन गेले होते. मी आनंदाने दिली होती.

तिथून परत टेबलापर्यंत यायला मला फाटकातला गाड्यांचा रस्ता ओलांडावा लागतो. बावीस वर्षे ओलांडतो आहे. आज कडेलाच उभा राहिलो. येणाऱ्या प्रत्येक गाडीच्या काचेतून आत बघत होतो, हा माझ्या चिठ्ठीवरचा तर नसेल? यातले किती जण डोळ्यांनी चालवतात आणि किती जण पाठांतराने, हे मला सांगता येत नाही, आणि क्षमा असावी, आपल्यालाही सांगता येणार नाही. आपल्या स्वतःच्या गाडीच्या चालकानेही गेल्या वर्षी माझ्याकडून चिठ्ठी नेली आहे. त्यांची नजर उत्तम असेलही. संध्याकाळी घरी जाताना त्यांना सहज विचारून बघावे, समोर काय काय दिसतंय म्हणून.

९. एवढ्यात आपले परिपत्रक आले. चालकाशेजारी बसून बोलत राहिल्याने त्याचे लक्ष उडते व अपघाताचा संभव असतो, सबब परवाना नसलेल्या कोणाही व्यक्तीने शाळेच्या गाडीत चालकाशेजारी बसू नये. सोमवारपासून शाळेच्या फाटकावर तपासणी होईल. हेतू चांगलाच आहे. बाईंनी ते उस्तादांना वाचून दाखवले. ते म्हणाले, "जाईन एकटा. रस्ता मला पाठ आहे, तुझ्या त्या तक्त्यासारखा." बाई म्हणाल्या, "अहो, तक्ता बदललाय." उस्ताद म्हणाले, "मग? पास झालो ना?"

बाई मंगळवारी शाळेत मुख्याध्यापिकाबाईंकडे गेल्या आणि सगळे सांगितले. मुख्याध्यापिकाबाईंनी उस्तादांच्या परवान्याची प्रत काढून शिक्का वाचला. म्हणाल्या, "यात तर उत्तम लिहिलंय. उलट तुम्हीच तीनदा नापास झाल्याचं ऐकलं." वर चहा देऊन समजावले की घरची भांडणे घरात मिटवावीत, मुलांच्या शाळेपर्यंत आणू नयेत.

बाईंना भीती वाटते, हे त्यांनी स्पष्ट लिहायला सांगितले आहे. पुलावर आता एकच पिंप उरले आहे, हेही लिहायला सांगितले आहे. उस्ताद वाईट माणूस नाहीत. कोणत्या मुलाला गाडी लागते, कोणाला आवळ्याची गोळी द्यावी लागते, कोणाची आई उशीर करते, सगळे त्यांच्या डोक्यात आहे. गाडी सुटली तर मी कोण, असे त्यांना वाटते, आणि त्यांच्या जागी दुसरे कोणी असते तर त्यालाही तसेच वाटले असते. अशा माणसाविरुद्ध अर्ज देताना बाईंचा जीव तुटतो आहे. घरी त्या अस्तर आणायला जाते म्हणून सांगून निघाल्या आहेत.

१०. तरी विनंती की :

(अ) आज चार वाजण्यापूर्वी आपण स्वतः खाली येऊन, तक्त्याकडे तोंड करून, बाईंची नजर तपासावी.

(ब) सहा महिन्यांची अट शिथिल करून त्यांची गाडी चालवण्याची परीक्षा लगेच घ्यावी. गाडी फाटकाबाहेर नाही, कारण ती घेऊन येणे म्हणजे विनापरवाना चालवणे झाले असते, आणि बाई नियम मोडत नाहीत. कार्यालयाची गाडी द्यावी.

(क) सोमवारी सकाळी पावणेसातच्या आत उस्तादांच्या दारात माणूस पाठवून गाडी थांबवावी. पावणेसातला ते पहिल्या मुलाला घ्यायला निघतात, आणि सात वाजून दहा मिनिटांनी पूल येतो.

(अ) आणि (ब) राहिले तरी चालेल असे बाई म्हणतात. परवाना नाही मिळाला तरी चालेल, आयुष्यभर सदोष म्हणून लिहा. (क) राहू नये.

आपली नम्र,
अर्जदार बाई
(सही त्यांनी चष्म्याशिवाय, बरोबर ओळीवर केली आहे.)

अर्ज लिहिणार : फाटकाजवळचे टेबल.
शुक्रवार, दुपारी तीन वाजून चाळीस मिनिटे.

सोबत :
१) उस्तादांच्या डोळ्यांविषयी डॉक्टरांचा कागद, धुण्याच्या वेळी खिशातून काढलेला, घडीवर फाटला आहे.
२) बाईंच्या नजरेचा दाखला.
३) चिठ्ठी, एक. उरलेल्या मी दुपारी जाळल्या.
४) काचेखालचा कागद. काचेखाली आता काही नाही. त्यानंतरही कोणी पास किंवा नापास झाले असल्यास ते कशावरून, याची चौकशी व्हावी.
५) गाडीची किल्ली, एक.

ता. क. : अर्ज बाईंना वाचून दाखवला. किल्ल्या दोन आहेत हे लिहायचे राहिले म्हणाल्या. दुसरी उस्तादांच्या करदोट्याला असते, झोपेतही. आपल्याकडून काही झाले नाही, तर सोमवारी पावणेसातला त्या गल्लीच्या तोंडाशी गाडीपुढे उभ्या राहणार आहेत. मी म्हटले, बाई, असं काही करू नका. पण केलंच तर थांबतील ते. बायको समोर उभी दिसल्यावर कोण थांबणार नाही? बाई म्हणाल्या, "समोर कोण आहे ते त्यांना रोज मीच सांगते."